पहिल्या क्रमांकाचे आमिष

पौड मागे पडले, की पुण्याहून ताम्हिणीकडे जाणारा रस्ता हळूहळू डोंगराच्या कुशीत शिरतो आणि मुळशी धरणाच्या परिसरात येतो. माले हे या रस्त्यावरचे गाव. पावसाळ्यातील शनिवार-रविवारी पुणे आणि पिंपरी-चिंचवडहून निघालेल्या मोटारींची रांग इथून पुढे सरकत असते. रस्त्याकडेची चहाची टपरी, पिठले-भाकरीचे हॉटेल, तलावाकाठचा घरगुती निवास, शेतातले कृषी पर्यटन केंद्र, या साऱ्यांचे वर्षभराचे गणित या रांगेवर बसलेले आहे. पूर्वी हा व्यवसाय रस्त्यावरची पाटी आणि गिऱ्हाइकाची ओळख यांवर चाले. आता माणूस घरून निघण्याआधीच भ्रमणध्वनीवर जागा शोधतो, छायाचित्रे पाहतो, आधीच्या पाहुण्यांचे अभिप्राय वाचतो आणि मगच गाडी बाहेर काढतो. साहजिकच महाजालावर आपले नाव दिसले पाहिजे ही निकड गावागावांतल्या लहान व्यावसायिकाला जाणवू लागली आहे. या निकडीचाच धंदा करणारे दूरध्वनीही त्याच्यामागोमाग आले.

या संभाषणाचा साचा बहुतेक ठिकाणी सारखाच असतो. समोरची व्यक्ती गूगलचे नाव घेऊन सुरुवात करते. 'आपल्या हॉटेलची पडताळणी बाकी आहे', 'आज नूतनीकरण केले नाही तर नकाशावर कायमचे बंद असे दिसू लागेल', 'तुमच्या तालुक्यासाठी एकच जागा उरली आहे', ही वाक्ये ठरलेली. त्यानंतर येते ती हमी. अमुक दिवसांत पहिल्या पानावर, पहिल्या क्रमांकावर नाव आणून देऊ. नाही आले तर पैसे परत. रक्कम वर्षाची, भरायची मात्र आज संध्याकाळपर्यंत, कारण सवलत संध्याकाळी संपते.

या हमीत काय दडलेले असते, हे समजून घेण्यासाठी माले या नावाइतके चांगले उदाहरण शोधून सापडणार नाही. रोमन लिपीत हे नाव टंकित केले, की शोधयंत्रापुढे तीन अर्थ उभे राहतात. एक मालदीवची राजधानी, दुसरा पुरुष या अर्थाचा इंग्रजी शब्द आणि तिसरा मुळशी तालुक्यातील हे गाव. त्यापुढे 'रिसॉर्ट' हा शब्द जोडला, तर शोधयंत्र हिंदी महासागरातील बेटांकडे वळणार हे उघड आहे. मालदीवमधील मोठमोठ्या हॉटेलांच्या साखळ्या वर्षानुवर्षे ज्या शब्दांसाठी पैसा ओतत आहेत, त्या शब्दांवर सहा खोल्यांचा निवास महिनाभरात पहिला आणून दाखवतो असे कोणी म्हणत असेल, तर एक तर त्याला गाव ठाऊक नाही किंवा आपण काय विकतो आहोत हे ठाऊक नाही. याच्या उलट, निवासाचे स्वतःचे नाव, त्यापुढे गाव आणि तालुका असे सारे शब्द लिहून शोध घेतला, तर तो निवास बहुधा कोणाच्याही मदतीशिवाय वर दिसतो. त्या शब्दांवर दुसरा स्पर्धकच नसतो. पण ज्याला निवासाचे नाव आधीच माहीत आहे, तो पाहुणा नव्याने मिळालेला नव्हे. खरी चुरस आहे ती 'मुळशी', 'ताम्हिणी', 'पुण्याजवळ पावसाळी सहल' अशा शब्दांवर, आणि तिथे हमी देणे कोणाच्याही हातात नाही.

करारात मात्र शब्द कोणते, हे बहुधा लिहिलेले नसते. 'दहा शब्दांवर पहिले पान' एवढेच असते. ते दहा शब्द विकणाऱ्यानेच निवडले, तर हमी पाळणे अगदी सोपे आहे. कोणीही कधी शोधत नाही असे लांबलचक शब्दसमूह घ्यायचे, त्यांवर पहिले येऊन दाखवायचे आणि महिन्याच्या अहवालात हिरव्या रंगाचे बाण छापायचे. तांत्रिकदृष्ट्या यात खोटे काहीच नसते, आणि म्हणूनच नंतर भांडणे अवघड जाते.

क्रमांक ठरतो कसा?

शोधाच्या उत्तराचे पान हे एकसंध नसते. त्यात साधारणपणे तीन भाग असतात. वर किंवा मध्ये 'प्रायोजित' असा शिक्का असलेल्या जाहिराती. त्यानंतर नकाशा आणि त्याखाली तीनेक व्यवसायांची नावे. मग पैसे न घेता लावलेली संकेतस्थळांची यादी. तिन्हींचे नियम वेगळे आहेत, आणि विक्रेता 'पहिला क्रमांक' म्हणतो तेव्हा यातला कोणता, हा पहिला प्रश्न विचारायला हवा.

जाहिरातींची जागा लिलावाने ठरते. गूगलने ही पद्धत ऑक्टोबर २००० मध्ये 'अ‍ॅडवर्ड्स' या नावाने सुरू केली. २०१८ पासून तिचे नाव 'गूगल अ‍ॅड्स' आहे. जाहिरातदार साधारणतः प्रत्येक टिचकीचे पैसे मोजतो. ठरवलेली रक्कम संपली, की जाहिरात तत्क्षणी नाहीशी होते. जाहिरात कोठे दाखवायची हेही ठरवता येते, अगदी एखाद्या गावाभोवतीच्या काही किलोमीटरपुरती. त्यामुळे दुकानात बसून दुकानदाराला स्वतःचे नाव सर्वांत वर दाखवणे ही फार मोठी करामत नव्हे. ती जाहिरात कोथरूडमध्ये किंवा हिंजवडीत, जिथून पाहुणे येतात तिथे, दिसते का, हे त्या प्रात्यक्षिकातून कळत नाही.

नकाशावरच्या नावांबाबत गूगलनेच तीन कसोट्या जाहीर केलेल्या आहेत. शोधलेल्या गोष्टीशी व्यवसायाचा मेळ, शोधणाऱ्यापासूनचे अंतर आणि व्यवसायाची ख्याती. यातली अंतराची कसोटी विशेष लक्षात घेण्याजोगी आहे. धरणाजवळ उभा राहून 'जेवण' शोधणाऱ्याला मालेतले हॉटेल वर दिसेल, तर पौडच्या बाजारपेठेत उभा असलेल्याला पौडमधले. एकाच क्षणी दोघांच्या पडद्यांवर 'पहिला' वेगवेगळा असतो. जो क्रमांक प्रत्येक माणसागणिक बदलतो, त्याची वर्षभराची हमी विकणे म्हणजे ताम्हिणीतल्या धुक्याची हमी विकण्यासारखे आहे. गूगलने स्वतः व्यवसायांसाठी प्रसिद्ध केलेल्या मार्गदर्शनात, पहिल्या क्रमांकाची हमी कोणीही देऊ शकत नाही आणि गूगलशी विशेष संबंध असल्याचे सांगणाऱ्यांपासून सावध राहावे, असे स्पष्ट म्हटले आहे.

'आम्ही गूगलचे भागीदार' हे वाक्य मात्र कधी कधी खरेही असते. गूगल जाहिरात संस्थांना भागीदाराचे बोधचिन्ह देते. त्यासाठी कर्मचाऱ्यांनी परीक्षा उत्तीर्ण झालेले असणे, जाहिरात खात्यांची कामगिरी ठरावीक पातळीवर असणे आणि ९० दिवसांत किमान १० हजार डॉलरच्या जाहिराती हाताळलेल्या असणे अपेक्षित असते. म्हणजे ती संस्था जाहिराती विकत घेण्याचे काम बऱ्यापैकी प्रमाणावर करते, एवढाच त्याचा अर्थ. गूगलच्या यादीतला क्रमांक हलवण्याचा अधिकार त्यातून मिळत नाही. गूगलही व्यवसायांना दूरध्वनी करते, कधी दुकानाच्या वेळा पडताळण्यासाठी, कधी जाहिरातदारांना सल्ला देण्यासाठी. म्हणून प्रत्येक दूरध्वनी बनावटच असतो असेही नाही. कसोटी एकच आहे. नकाशावरील नोंद, म्हणजे 'गूगल बिझनेस प्रोफाइल', विनामूल्य आहे. २०१४ पासून ती 'गूगल माय बिझनेस' या नावाने ओळखली जात असे, २०२१ मध्ये नाव बदलले. शुल्क तेव्हाही नव्हते, आजही नाही. तिच्या नोंदणीसाठी, पडताळणीसाठी किंवा 'नूतनीकरणा'साठी गूगलच्या नावाने पैसे मागितले जात असतील, तर मागणारा गूगल नाही. एखाद्या तरुणाने ही नोंद भरून देण्याच्या श्रमाचे पाचशे-हजार रुपये घेतले, तर त्यात गैर काही नाही. मात्र ते श्रमाचे पैसे आहेत हे त्याने सांगितले पाहिजे.

हा प्रकार इथेच जन्मलेला नाही. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने मे २०१८ मध्ये फ्लोरिडातील 'पॉइंटब्रेक मीडिया' या कंपनीविरुद्ध न्यायालयात धाव घेतली. लहान व्यावसायिकांना यांत्रिक दूरध्वनी करून, गूगलवर तुमचे दुकान 'कायमचे बंद' दिसेल अशी भीती घालायची आणि पडताळणीच्या नावाखाली ३०० ते ७०० डॉलर घ्यायचे, असा आरोप त्या तक्रारीत होता. मुळशीत वाजणाऱ्या दूरध्वनीतले शब्दही जवळपास हेच. महाजालाच्याही आधी युरोपात व्यापारी निर्देशिकांचा असाच व्यवहार बोकाळला होता. 'तपशील तपासून सही करा' असा साधा दिसणारा कागद यायचा आणि बारीक अक्षरांत कित्येक वर्षांच्या शुल्काचे बंधन असायचे. युरोपीय संसदेला डिसेंबर २००८ मध्ये त्यावर ठराव करावा लागला. साधन बदलले, युक्ती तीच राहिली.

पैशापेक्षा मोठे नुकसान

भरलेली रक्कम बुडाली तर ती एका हंगामाची ठोकर असते. नोंदीचा ताबाच दुसऱ्याकडे गेला, तर ते नुकसान अनेक हंगामांचे ठरते, आणि याकडे सर्वांत कमी लक्ष दिले जाते. पडताळणीच्या वेळी व्यावसायिकाच्या दूरध्वनीवर एक सांकेतिक अंक येतो. विक्रेता तो मागतो आणि स्वतःच्या ई-मेल खात्यावरून नोंद पक्की करतो. त्या क्षणापासून त्या नोंदीचा 'प्राथमिक मालक' तो. छायाचित्रे, वेळा, दूरध्वनी क्रमांक, अभिप्रायांना द्यायची उत्तरे, सारे त्याच्या हातात. वर्षाने करार मोडायचा म्हटले, की कुरबुर सुरू होते. थकबाकी दाखवली जाते, किंवा उत्तर देणेच बंद होते. चार-पाच पावसाळ्यांत पाहुण्यांनी लिहिलेले शेकडो अभिप्राय ही त्या कुटुंबाच्या कष्टांची कमाई असते. ती कागदोपत्री परक्याच्या नावावर पडून राहते. ज्या खोऱ्यात १९२१ साली सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली शेतकऱ्यांनी जमिनीवरच्या मालकीसाठी सत्याग्रह केला, तिथल्या माणसाला मालकी म्हणजे काय हे कोणी शिकवायला नको. फक्त या नव्या मालमत्तेचा सातबारा कुठे पाहायचा, हे त्याला कोणी सांगितलेले नसते.

तो पाहणे अवघड नाही. नोंदीच्या व्यवस्थापनात कोणाकोणाला अधिकार आहेत याची यादी दिसते. तीत 'प्राथमिक मालक' म्हणून व्यावसायिकाचे किंवा त्याच्या घरातल्या माणसाचे ई-मेल खाते असावे; संस्थेला काम द्यायचे असेल, तर 'व्यवस्थापक' म्हणून जोडावे. व्यवस्थापकाला रोजचे सगळे काम करता येते, पण तो मालकाला बाहेर काढू शकत नाही, आणि मालक त्याला केव्हाही काढू शकतो. संकेतस्थळाच्या नावाचेही तसेच. ते कोणाच्या नावावर नोंदले आहे, नूतनीकरणाची सूचना कोणाच्या ई-मेलवर येते, हे पाहावे. अशा नावाची वर्षाची नोंदणी सर्वसाधारणपणे काही शे ते हजार-दीड हजार रुपयांत होते. त्यासाठी पाच-दहा हजारांचे 'नूतनीकरण' मागणारे पत्र आले, तर ते आपल्या नोंदणी कंपनीचेच आहे का हे आधी तपासावे. 'आजन्म संकेतस्थळ' हा शब्द तर ऐकताच सोडून द्यावा, कारण नाव वर्षांच्या हिशेबानेच भाड्याने मिळते.

नोंद दुसऱ्याच्या हाती असण्याचा धोका किती खरा आहे, हे २०१८ मध्ये ठाण्यात दिसले. नकाशावरील बँकेच्या शाखेचा दूरध्वनी क्रमांक बदलून तिथे स्वतःचा क्रमांक टाकणाऱ्या भामट्यांनी ग्राहकांकडून खात्याचे तपशील काढून घेतल्याच्या तक्रारी तेव्हा राज्याच्या सायबर विभागाकडे आल्या होत्या. निवासाच्या बाबतीत असे झाले, तर आगाऊ रक्कम भलत्याच खात्यात जाते, आणि शनिवारी रात्री पावसात भिजलेले कुटुंब दारात उभे राहते ते मालकाच्या.

त्रेचाळीस पाहुणे

आता थोडे गणित. समजा, वर्षाचे पॅकेज ३६ हजार रुपयांचे आहे. त्यावर १८ टक्के वस्तू व सेवा कर धरला, तर एकूण ४२ हजार ४८० रुपये. वर्षाची उलाढाल २० लाखांच्या आत असलेला घरगुती निवास सहसा या कराखाली नोंदलेला नसतो, त्यामुळे भरलेल्या कराची वजावट त्याला मिळत नाही. पूर्ण रक्कम खर्चातच जाते. एका खोलीच्या एका रात्रीतून जेवण, धुलाई, वीज आणि मजुरी वजा जाता हजार रुपये उरत असतील, तर केवळ पॅकेजचे पैसे भरून निघण्यासाठी ४३ जादा आरक्षणे हवीत. जादा म्हणजे, जी एरवी आलीच नसती अशी. पण आषाढ-श्रावणातल्या शनिवारी खोल्या तशाही भरलेल्या असतात, आणि विक्रेत्याच्या अहवालातील 'चौकशा' नेमक्या त्याच दिवसांच्या असतात. रिकाम्या असतात त्या मंगळवारच्या आणि चैत्र-वैशाखातल्या खोल्या. त्या कशा भरायच्या, याबद्दल दूरध्वनीवरचा विक्रेता चकार शब्द काढत नाही.

हंगामही कोणाच्या हातातला नसतो. ३० जून २०२४ रोजी लोणावळ्याजवळच्या भुशी धरण परिसरात एक कुटुंब वाहून गेले, आणि त्यानंतर जिल्हा प्रशासनाने मुळशीसह अनेक तालुक्यांतील पर्यटनस्थळांवर निर्बंध घातले. त्याच वर्षी २५ जुलैला ताम्हिणीत २४ तासांत ५५६ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. अशा आठवड्यात पहिल्या क्रमांकावर झळकणाऱ्या निवासाकडेही पाहुणे येत नाहीत, हप्ता मात्र ठरलेल्या तारखेला खात्यातून जातोच.

हप्त्याची ही स्वयंचलित परवानगी हा आणखी एक सापळा. पहिल्या भेटीतच ती घेतली जाते आणि वर्ष संपल्यावर करार आपोआप पुढे चालू होतो. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार ऑक्टोबर २०२१ पासून कार्ड किंवा यूपीआयवरून अशी आवर्ती वजावट होण्यापूर्वी २४ तास आधी सूचना येणे बंधनकारक आहे. ती सूचना वाचावी. परवानगी रद्द करण्यासाठी विक्रेत्याची विनवणी करण्याची गरज नसते. बँकेत किंवा यूपीआयच्या अ‍ॅपमध्ये ती रद्द करता येते.

विकत मिळणारे अभिप्राय आणि 'लाइक' यांबद्दल फार लिहिण्याची आवश्यकता नाही. हजार 'लाइक' देणाऱ्यांतला एकही जण मालेला येणार नसतो. लाइकच्या बाजारपेठेचे टोक २०१७ च्या फेब्रुवारीत नोएडात दिसले. टिचकीमागे पाच रुपये देण्याचे आमिष दाखवून लाखो लोकांकडून सुमारे ३७०० कोटी रुपये गोळा केल्याचा आरोप असलेली कंपनी स्वतःला डिजिटल विपणन कंपनीच म्हणवीत होती. खोटे अभिप्राय पकडले गेले तर गूगल ते काढून टाकते, प्रसंगी नोंदच स्थगित करते. भारतीय मानक ब्यूरोनेही नोव्हेंबर २०२२ मध्ये ऑनलाइन अभिप्रायांसाठी 'आयएस १९०००' हे मानक प्रसिद्ध केले आहे.

या व्यवसायात प्रामाणिक माणसे नाहीत असे समजणे अन्यायाचे होईल. पुण्यात या विषयाचे चांगले काम करणाऱ्या लहान संस्था आहेत, आणि दूरध्वनीवर पाठ केलेली वाक्ये बोलणारी मुलेही बहुधा महिन्याच्या उद्दिष्टाच्या धाकाखाली असतात. फरक ओळखता येतो तो विचारल्या जाणाऱ्या प्रश्नांवरून. जाणकार माणूस आधी विचारतो, की खोल्या किती, रिकाम्या केव्हा, पाहुणे कोणत्या भागातून येतात, एका आरक्षणामागे किती खर्च परवडेल. जाहिरातीचे काम घेतले, तर गूगलला किती रक्कम जाणार आणि स्वतःचे शुल्क किती, हे तो वेगळे लिहून देतो. गूगलच्या त्रयस्थ संस्थांसाठीच्या धोरणानुसार, व्यवस्थापन शुल्क आकारले जाते हे ग्राहकाला सांगणे आणि खर्च, टिचक्या व जाहिरात किती वेळा दिसली याची आकडेवारी देणे या संस्थांवर बंधनकारक आहे. 'ते गोपनीय असते' हे उत्तर त्यामुळे टिकणारे नाही.

फसगत झालीच, तर पुढचे मार्ग रकमेच्या स्वरूपावर अवलंबून आहेत. गूगलचा अधिकारी असल्याची बतावणी करून पैसे उकळले असतील, तर तो सरळ फसवणुकीचा गुन्हा आहे आणि १९३० या क्रमांकावर जितक्या लवकर कळवावे तितकी रक्कम गोठवली जाण्याची शक्यता अधिक. सेवा दिली, पण सांगितल्याप्रमाणे दिली नाही, असा वाद असेल, तर ग्राहक संरक्षण कायद्याचा आधार मिळू शकतो. इथे एक अडचण सांगितली जाते. व्यापारी हेतूने सेवा घेणारा 'ग्राहक' नव्हे, असे कायदा म्हणतो, आणि कंपनीचे वकील तेच पुढे करतात. मात्र केवळ स्वयंरोजगारातून चरितार्थ चालवण्यासाठी घेतलेली वस्तू २०१९ च्या कायद्याने या अपवादातून वगळली आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये लक्ष्मी इंजिनिअरिंग वर्क्स खटल्यात जुन्या कायद्याखाली या मुद्द्याचा तपशीलवार ऊहापोह केला होता. स्वतः राबून चार-सहा खोल्यांचा निवास चालवणाऱ्या कुटुंबाला हा मुद्दा मांडता येतो. २०१९ च्या कायद्याने आणखी एक सोय केली. तक्रारदार जिथे राहतो किंवा काम करतो, तिथल्या आयोगाकडे दाद मागता येते. कंपनी दिल्लीची असो वा बंगळुरूची, मालेच्या व्यावसायिकाला पुण्यातील जिल्हा आयोगाकडे जाता येते. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क नाही, मुदत कारण घडल्यापासून दोन वर्षांची. राष्ट्रीय ग्राहक मदतवाहिनीचा क्रमांक १९१५ आहे.

आयोगापुढे पुरावा लागतो, आणि गाडे बहुधा तिथेच अडते. हमी तोंडी दिलेली असते, कराराच्या कागदावर मात्र 'निकालाची हमी नाही' असे बारीक अक्षरांत छापलेले असते. म्हणून पैसे देण्यापूर्वी विक्रेत्याला एवढेच सांगावे, की जे बोललात ते व्हॉट्सअ‍ॅपवर लिहून पाठवा. कोणते शब्द, कोणत्या गावातून शोधल्यावर, पानाच्या कोणत्या भागात, किती दिवसांत, आणि नाही झाले तर कोणती रक्कम कधी परत. संध्याकाळी संपणारी सवलत बहुतेक वेळा या संदेशाची वाट पाहण्यातच संपून जाते.